चिमाजी आप्पांचं ओरिजिनल फुटेज

सिनेमा संपतो, दिवे लागतात, लोक सीटखाली पडलेला मोबाइल चाचपत उठतात आणि पडद्यावर केटरिंग, जनरेटर व्हॅन, विमा कंपनी अशी नावं सरकायला लागतात. त्यांच्याच आगेमागे कुठेतरी ‘फुटेज रिसर्च’ असं येतं आणि त्यापुढे एक नाव. ते नाव वाचायला थिएटरात फक्त झाडूवाला असतो.

या माणसाचं काम सांगायला सोपं आहे. दिग्दर्शकाला हवा असलेला जुना, खरा, त्या काळी टिपलेला तुकडा हुडकून काढायचा, तो कोणाच्या मालकीचा आहे ते शोधायचं, भाव ठरवायचा आणि कागदावर सही आणायची. सांगायला सोपी असलेली कामं करायला जशी असतात, तसंच हेही आहे.

फोन रात्री येतो. एडिटिंगला बसल्यावरच दिग्दर्शकाला आठवतं की, नायकाच्या बापाच्या आठवणीत जुनी मुंबई लागणार आहे. साठच्या दशकातली, पावसातली, डबल डेकर बससकट, रंगीत आणि जमलं तर फुकट. सकाळपर्यंत. यात निदान काळ तरी शक्यतेतला असतो. भिवंडी तालुक्यातल्या वज्रेश्वरीच्या देवळावर माहितीपट काढायचा झाला, तर चिमाजी आप्पांचा नवस आणि १७३९ ची वसईची मोहीम ओघानं आलीच. मग प्रश्न येतो, ‘‘मोहिमेचं ओरिजिनल काही मिळेल का?’’ हलती चित्रं मुंबईत पहिल्यांदा दिसली ती ७ जुलै १८९६ ला, वॉटसन हॉटेलात, असं नम्रपणे सांगावं, तर उत्तर तयार असतं. ‘‘इंग्रजांनी सगळं लंडनला नेलंय हो. तिथं विचारा.’’ लंडनला नसेल तर पोर्तुगीजांकडे बघा. हरलेली बाजू पुरावे जपून ठेवते, असा या क्षेत्रात एक भाबडा समज आहे.

खरं तर मराठी माणसानं याबाबतीत अजिबात दिरंगाई केली नव्हती. वॉटसन हॉटेलातल्या खेळांनी भारावलेल्या हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादांनी विलायतेहून कॅमेरा मागवला आणि १८९९ साली हँगिंग गार्डनमध्ये चक्क कुस्ती चित्रित केली. निगेटिव्ह धुवायला बोटीनं विलायतेला गेली. डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजचे सीनियर रँग्लर होऊन रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे मुंबईत परतले, तर त्यांच्या स्वागताला सावेदादा कॅमेरा घेऊन हजर. गणितात पहिला आला म्हणून एखाद्या माणसाचं चित्रीकरण करणारा देश आपला होता, हे आज सांगून खरं वाटणार नाही आणि दाखवून तर मुळीच पटवता येणार नाही, कारण त्यातला एकही फूट उरलेला नाही. भारतातल्या वार्ताचित्रांचा इतिहास मराठी माणसानं सुरू केला आणि फुटेज न सापडण्याचा इतिहासही तिथूनच सुरू होतो.

सापडत नाही म्हणजे जातं कुठे? बरंचसं बांगड्यांत गेलं. ही थट्टा नव्हे. जुन्या फिल्मवरच्या लेपात चांदी असते. चित्रपट चालेनासा झाला की मालक रिळं भंगारात विकत, भंगारवाला ती धुऊन चांदी काढी आणि उरलेली सेल्युलॉइडची पट्टी बांगड्या आणि बायकांच्या पर्स करणाऱ्यांकडे जाई. १४ मार्च १९३१ ला मॅजेस्टिक सिनेमात लागलेला ‘आलम आरा’ हा भारताचा पहिला बोलपट. त्याची एकही प्रत आज नाही. जुने चित्रपट गोळा करणारे पी. के. नायर त्याचे दिग्दर्शक अर्देशिर इराणी यांच्याकडे चौकशीला गेले, तेव्हा म्हाताऱ्यानं काही रिळं कुठेतरी पडली असतील, असा दिलासा दिला. त्यांच्या मुलानं मात्र बाजूला घेऊन सांगितलं की, ती चांदीसाठी आपणच विकून टाकली. भारतीय सिनेमाला कंठ फुटला, तो कुणाच्या तरी मनगटावर किणकिणत संपला.

या नायरांबद्दल थोडं जास्त बोलायला हवं. पुण्याला १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं आणि हा केरळी माणूस दुसऱ्याच वर्षी तिथं रुजू झाला. १९९१ ला निवृत्त होईपर्यंत त्यांनी बारा हजारांच्या आसपास चित्रपट गोळा केले. ते अंधारात बसून, विजेरीच्या उजेडात वहीत नोंदी करत सिनेमा बघत, आणि ते करताना बहुधा मागच्या रांगेला शिव्या देण्याची चांगली सोय होत असणार. नाशिकला फाळक्यांच्या मुलांना गाठून त्यांनी ‘कालिया मर्दन’ची तुटकी भेंडोळी मिळवली आणि खुद्द दादासाहेबांच्या टिपणवहीवरून तुकडे क्रमानं लावून चित्रपट उभा केला. आज त्यात कृष्णाचं काम करणारी छोटी मंदाकिनी फाळके हसताना दिसते, ती घरात राहिलेल्या त्या भेंडोळ्यांमुळे. फाळके स्वतः काम करताना दिसतात तो १९१७ सालचा, चित्रपट कसे तयार होतात हे दाखवणारा छोटा तुकडाही वाचला आहे. फाळक्यांवर कोणीही काहीही काढो, हा तुकडा त्यात असतोच, कारण दुसरा नाही. दादासाहेब गेली कित्येक वर्षं प्रत्येक माहितीपटात तीच फिल्म निरखताहेत.

आणि सरकारी कोठीत गेलं म्हणजे सुटलो, असंही नाही. ८ जानेवारी २००३ ला पुण्यात फिल्म इन्स्टिट्यूटच्या, म्हणजे जुन्या प्रभातच्या, आवारातल्या संग्रहालयाच्या कोठीला आग लागली आणि नायट्रेटची हजारो रिळं गेली. नायट्रेट फिल्म पेटली की पाण्याखालीही जळत राहते, कारण जळायला लागणारा प्राणवायू तिच्या पोटातच असतो. नंतरची ॲसिटेट फिल्म सहजी पेटत नाही, पण ती उष्ण-दमट हवेत आंबते. डबा उघडल्यावर शिर्क्याचा वास आला की अनुभवी रिसर्चर झाकण लगेच लावून टाकतो आणि निर्मात्याला ‘‘दुसरं बघू’’ म्हणून फोन करतो. मुंबईची हवा ही आंबवण्याच्या कामी उत्तम. या धंद्यात डोळ्यांपेक्षा नाक आधी कामाला लागतं. आणि मूर्तिभंजक वाटेल, पण बघावं तर जपायला दिलेलं जळतं किंवा आंबतं, आणि फेकायचं राहून गेलेलं माळ्यावर सुखरूप असतं. म्हणून चांगल्या रिसर्चरला संग्रहालयांचे पत्ते तोंडपाठ असतात त्याहून जास्त घरातल्या भांडणांची माहिती असते. वाटणी अडली आहे, खोलीला कुलूप आहे, चावी धाकट्या काकांकडे आहे, म्हणजे आत काहीतरी नक्की मिळणार.

या रिसर्चर लोकांचा आद्यपुरुष म्हणावा असा माणूस तमिळ होता. ए. के. चेट्टियार हे पत्रकार १९३७ साली न्यूयॉर्कहून डब्लिनला बोटीनं चालले असताना गांधीजींवर माहितीपट करायचं त्यांच्या मनात आलं. मग हा गृहस्थ तीन-एक वर्षं जगभर फिरला आणि कोणाकोणाच्या कॅमेऱ्यांनी टिपलेली सुमारे पन्नास हजार फूट फिल्म जमवून १९४० मध्ये चित्रपट पूर्ण केला. आज रिसर्चरनं दादरहून पुण्याला जायचं टॅक्सीचं बिल लावलं, तर प्रॉडक्शनवाले शिवनेरीचं तिकीट का नाही काढलं म्हणून विचारतात. पण खरी मौज पुढेच आहे. जगभरातून जुनं फुटेज गोळा करून केलेला चेट्टियारांचा तो मूळ तमिळ चित्रपट पुढे स्वतःच बेपत्ता झाला, आणि अभ्यासकांना तो शोधायला अमेरिकेपर्यंत जावं लागलं. हाती लागली ती नंतरची इंग्रजी आवृत्ती.

मुंबईत फुटेज म्हटलं की पेडर रोड. तिथल्या फिल्म्स डिव्हिजननं १९४८ पासून धरणं, पूर, पंचवार्षिक योजना आणि फिती कापणारे मंत्री असं सगळं चित्रित करून ठेवलं. प्रत्येक थिएटरला मुख्य सिनेमाआधी हे दाखवणं सक्तीचं होतं आणि तेवढ्या वेळात बाहेर उभं राहून विडी ओढणं हा प्रेक्षकांचा हक्क होता. ज्या समाचारचित्राकडे पाठ फिरवून एका अख्ख्या पिढीनं चहा प्यायला, त्याच समाचारचित्राचे आता सेकंदावर पैसे मोजावे लागतात. त्यातही भाव एक नसतो. फक्त महोत्सवासाठी वेगळा, भारतात टीव्हीवर वेगळा, आणि ‘जगभर, सर्व माध्यमांत, कायमचा’ हवा असेल तर निर्माता आधी पाणी मागतो. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन आणि पुण्याचं संग्रहालय एनएफडीसीच्या, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या, छपराखाली आली. तरी जुनी मंडळी अजून ‘‘पेडर रोडला जाऊन येतो’’ असंच म्हणतात.

गिरणगाव हा या धंद्यातला हमखास खपणारा माल. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेल्या संपात अडीच लाख कामगार उतरले, गिरण्यांचे भोंगे थंडावले आणि इकडे भिवंडीचे यंत्रमाग जोरात खडखडू लागले. संपावरच्या प्रत्येक चित्रपटाला, मालिकेला, बातमीपटाला धूर ओकणारी चिमणी लागते. चिमण्यांची हलती चित्रं मोजकी असल्यानं तीच चिमणी परळला, लालबागला आणि गरज पडल्यास सोलापूरलाही धूर ओकते. दिग्दर्शकाला हे चालतं. प्रेक्षकांत एखादा निवृत्त साचेवाला बसलेला असतो, त्याला चालत नाही. ‘‘ही आमची नव्हे. आमच्या चिमणीला वर दोन पट्टे होते,’’ असं तो मध्यंतरात बटाटावडा हातात धरून सांगतो आणि ते शंभर टक्के खरं असतं. या बाबतीत हिंदी सिनेमा निर्ढावलेला. नायक एका कंपनीच्या विमानानं उडे, दुसऱ्याच कंपनीच्या विमानानं उतरे, आणि वाटेत विमान बदलूनही त्याचा टाय तसाच असे.

मग दूरदर्शन. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. टेप परदेशी आणि महाग, त्यामुळे एक कार्यक्रम दाखवून झाला की त्याच टेपवर दुसरा. जुन्या मराठी कार्यक्रमांवर काही करायचं म्हटलं की रिसर्चरच्या हाती लागतात त्या आठवणी. घराघरांत पाहिल्या गेलेल्या चिमणराव-गुंड्याभाऊंचेसुद्धा मोजकेच भाग उरले आहेत. आपणच करंटे, असं म्हणून कपाळावर हात मारून घेण्याआधी अमेरिकेकडे बघावं. माणूस पहिल्यांदा चंद्रावर उतरला, त्या अपोलो ११ च्या चित्रणाच्या मूळ टेप टेपांच्या टंचाईत बहुधा पुसून वापरल्या गेल्या, असं नासानं २००९ साली जाहीर करून टाकलं. टीव्ही केंद्रांकडच्या प्रती होत्या म्हणून निभावलं.

याहून सरस प्रकार टनब्रिज वेल्सचा. १८ जून १९८३, क्रिकेट विश्वचषकात झिम्बाब्वेविरुद्ध भारताचे पाच गडी १७ धावांत तंबूत, आणि कपिल देवच्या नाबाद १७५. त्या दिवशी तिथं कॅमेराच नव्हता. बीबीसीच्या तंत्रज्ञांचा संप होता, असं सांगितलं जातं. त्यामुळे ‘८३’ चित्रपटात तो डाव नव्यानं खेळून दाखवावा लागला. सुनील गावसकर त्या सामन्यात शून्यावर बाद झाले होते. त्याचंही फुटेज नाही, एवढाच काय तो दादरकरांना दिलासा.

एक गोष्ट मात्र थट्टेच्या पलीकडची आहे. ७ डिसेंबर १९५६ ला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची अंत्ययात्रा दादर चौपाटीकडे निघाली. लाखो लोक रस्त्यावर होते. हे चित्रित व्हायला हवं, असं नामदेवराव व्हटकर या लेखकाला वाटलं, आणि कोणी पुढे येत नाही म्हटल्यावर त्यांनी स्वतःच पैसा उभा करून कॅमेरा आणि फिल्म मिळवली. आज त्या दिवसाची जी हलती चित्रं आपण पाहतो, ती या हट्टामुळे. त्या वेळी ‘याचा पुढे काय उपयोग’ असं विचारणारी शहाणी माणसं आसपास नक्कीच असतील.

आता काळ सरकला आहे. हल्लीच्या वेबमालिकांना नेहरू नको असतात, त्यांना १९९३ ची हळद हवी असते. म्हणून समजा, आगरी पार्श्वभूमीच्या एका कथेसाठी रिसर्चर भिवंडी-वाडा रस्ता धरून दिघाशीला आला. असं गाव कुठल्याही समाचारचित्रात नसतं. धरण नाही, मंत्री नाही, फीत नाही. पण नव्वदच्या दशकात ठाणे जिल्ह्यातल्या गावोगाव व्हिडिओ शूटिंगवाला पोचला आणि दिवाणाखाली, पोटमाळ्यावर, गणपतीच्या मखराच्या मागे व्हीएचएस कॅसेटी साठल्या. आगरी घरातली हळद म्हणजे रात्रभराचा मामला. बँड, नाच, आणि मांडवात बसून धवले गाणारी धवलारीण. धवलारीण अस्सल हवी असेल तर ती या कॅसेटींतच आहे. शूटिंगवाल्याला तिच्यात काडीचा रस नव्हता, तो नवरीच्या मैत्रिणींवर कॅमेरा रोखून होता. तरी मागे, डाव्या कोपऱ्यात, अर्धी खांबाआड ती गाताना दिसते.

घरातले प्रेमानं चहा देतात. ‘‘दादूस, कॅसेट हाय, पन लावायची कशावर?’’ हा पहिला पेच. व्हीसीआर बनवणारी शेवटची मोठी कंपनी फुनाई, तिनंही जुलै २०१६ मध्ये हात टेकले. रिसर्चर स्वतःचा व्हीसीआर गाडीत घालून फिरतो, लहान बाळासारखा, मांडीवर टॉवेलात गुंडाळून. कॅसेटच्या खिडकीतून पाहावं तर टेपच्या कडेला पांढरी बुरशी. ती पुसणं, टेप नव्या खोक्यात भरणं, हेड साफ करणं यात दुपार जाते. शेवटी चित्र उमटतं. गुलाबी रंगाच्या बदामात नवरा-नवरीचे चेहरे गोल गोल फिरतात, मागे त्या वर्षीचं हिट गाणं, नावं बाणासारखी उडत येऊन आदळतात. आजी पदर तोंडाला लावते. हळद रंगात येते, धवलारीण सूर लावते, आणि पुढच्या क्षणी पडद्यावर सचिन तेंडुलकर शेन वॉर्नला पुढे सरसावून उचलतो.

शारजा, एप्रिल १९९८. कॅसेटवर चुकून दुसरं काही छापलं जाऊ नये म्हणून मागच्या बाजूला प्लास्टिकची एक चिमुकली पाटी असते, ती तोडायची. लग्नाच्या कॅसेटची शूटिंगवाल्यानं इमानदारीत तोडलेली होती. पण त्या भोकावर सेलोटेप चिकटवला की पुन्हा रेकॉर्डिंग होतं, हे महाराष्ट्रातल्या दहावी-बारावीच्या तमाम मुलांना ठाऊक होतं. घरातला धाकटा, जो आता स्वतः दोन पोरांचा बाप आहे, तो या वेळी उठून म्हशीकडे बघायला जातो. रिसर्चरची पंचाईत अशी की, हळद कुटुंबाची, सचिन प्रक्षेपण हक्कवाल्यांचा आणि मागचं गाणं संगीत कंपनीचं. एका कॅसेटीत तीन मालक.

आणि कुटुंबाची म्हणजे नेमकी कोणाची? कॉपीराइट कायदा १९५७ याबाबतीत अगदी स्पष्ट आहे. दुसरं काही ठरलेलं नसेल तर पैसे मोजून शूटिंग करवून घेणारा हा पहिला मालक, शूटिंगवाला नव्हे. हे वाचून दाखवल्यावर मुलीकडचे म्हणतात, पैसे आम्ही दिले. मुलाकडचे म्हणतात, हळदीचे आम्ही दिले, लग्नाचे निम्मे दिले आणि बँडवाल्याचे तर पूर्ण दिले. तीस वर्षांपूर्वी हिशेब मिटवताना ज्या व्याह्यांनी ‘‘राहू दे, बघू’’ म्हटलं होतं, ते आता पावती शोधायला उठतात. चित्रपटांचं निदान बरं. प्रदर्शनानंतर साठ वर्षांनी, पुढच्या १ जानेवारीला, हक्क संपतो. १९६४ चे सिनेमे २०२५ च्या पहिल्या तारखेला मोकळे झाले. संगीतकार आणि गीतकारांचा हिशेब निराळा चालतो, त्याच्यात कोणी शहाणा पडत नाही.

अटी निघतात. धवलारणीचं गाणं घ्या, पण तिच्या शेजारी बसलेल्या आत्याला काढा, तिच्याशी जमिनीवरून बोलणं बंद आहे. काकांना दाखवा, पण नाचताना नको, आता ते माळकरी आहेत. नाचणाऱ्या दोघांची सही लागेल. त्यातला एक दुबईला, दुसऱ्याला आपण नाचलो हेच मान्य नाही. रिसर्चर सगळं लिहून घेतो, सह्या जमवतो, अकरा सेकंदांचा तुकडा स्वच्छ करून पाठवतो. दिग्दर्शकाचा निरोप येतो, ‘‘छान आहे, पण खरं नाही वाटत. जरा जास्तच क्लीन आहे.’’ मग फिल्मसिटीत मांडव पडतो, ज्युनियर आर्टिस्ट हळद खेळतात आणि संगणकावर त्या चित्रात रेघा, मुंग्या आणि हलणाऱ्या पट्ट्या घातल्या जातात. कृत्रिम बुद्धिमत्तेनं आता तेवढाही खर्च उरलेला नाही. अमेरिकेतल्या माहितीपट-संशोधकांच्या संघटनेनं २०२४ मध्ये नियमावली काढून, असं बनवलेलं चित्र खरं म्हणून खपवू नका, असं निर्मात्यांना बजावलं आहे. निर्मात्यांनी ती वाचली असेल, अशी आशा करायला हरकत नाही.

दिघाशीच्या घराला मात्र मोबदल्यात एक पेनड्राइव्ह मिळतो. तो टीव्हीला लावतात, अर्धा पाडा गोळा होतो. सचिन आला की पोरं शिट्ट्या मारतात, गेला की बायका ‘‘मागं घे, मागं घे’’ म्हणून ओरडतात. आहेराच्या रांगेशी चित्र थांबवून आजी उठते, चष्मा लावते, टीव्हीजवळ जाऊन एका बाईच्या हातातल्या पिशवीवर बोट ठेवते आणि विचारते की, ही तर म्हणाली होती स्टीलचा डबा दिला, मग पिशवी चपटी कशी?